नाणेघाटातील ‘बारा’ : विस्मृत अक्षरांची आणि अंकांची हाताने झालेली उकल

१/
मुरबाड तालुक्यातील वैशाखरे गावाजवळून नाणेघाटाची जुनी पायवाट सह्याद्री चढू लागते. घाटमाथ्यावर कातळात खोदलेले एक दालन आहे. त्याच्या भिंतीवरील दीर्घ प्राकृत लेखात एके ठिकाणी ‘गावो बारस’ असे शब्द आहेत, म्हणजे बारा गाई. त्या शब्दांलगत दोन लहान खुणा कोरलेल्या आहेत. शेकडो वर्षे ते शब्द कोणाला वाचता येत नव्हते आणि त्या खुणाही कोणाला कळत नव्हत्या. दोहोंची उकल केवळ कागद, लेखणी आणि संयम यांच्या बळावर कशी झाली, त्याचा हा धागा.

२/
प्रथम भूगोल. प्राचीन काळी सोपारा आणि कल्याण या बंदरांतून देशावर जाणाऱ्या दोन वाटा आजच्या ग्रामीण ठाणे जिल्ह्यातून जात. एक वाट शहापूरच्या मुलखातून, माहुलीच्या डोंगराला बगल देत, कसाऱ्याजवळच्या थळघाटाने नाशिकला पोहोचे. दुसरी मुरबाडवरून नाणेघाट चढून जुन्नरला आणि पुढे सातवाहनांच्या प्रतिष्ठानास, म्हणजे पैठणास जाई. दोन्ही वाटांच्या माथ्याकडील टोकांना लेणी आहेत व त्यांत लेख आहेत. या कथेत दोन्ही वाटांचे काम पडणार आहे.

३/
नाणेघाटाच्या दालनात डाव्या-उजव्या भिंतींवर मोठा लेख आहे. मागच्या भिंतीवर एके काळी राजकुलातील व्यक्तींच्या प्रतिमा होत्या. प्रतिमा नष्ट झाल्या, पण माथ्यावरील नावे उरली : राजा सिमुक सातवाहन, देवी नायनिका आणि राजा सिरि सातकनि, महारठि त्रनकयिर, कुमार हकुसिरि. नायनिका, अर्थात इतिहासग्रंथांतील नागनिका, ही पहिल्या सातकर्णीची राणी. मोठ्या लेखात राजकुलाने केलेल्या यज्ञांची आणि दिलेल्या दक्षिणांची यादी आहे. अभ्यासक तो सामान्यतः इसवी सनापूर्वीच्या दुसऱ्या ते पहिल्या शतकातील मानतात.

४/
या लेखाची लिपी ब्राह्मी. आजची देवनागरी तिचीच वंशज आहे. पण अक्षरे पिढ्यानुपिढ्या बदलत गेली आणि नातवंडांना आजोबांचे हस्ताक्षर लागेनासे झाले. चौदाव्या शतकात सुलतान फिरोजशहा तुघलकाने अशोकाचे स्तंभ दिल्लीस आणवले. त्यांवरील मजकूर वाचण्यासाठी पंडित बोलावले गेले, पण कोणालाही तो वाचता आला नाही. भाषा पूर्णपणे परकी नव्हती. हरवले होते ते चिन्ह आणि ध्वनी यांचे नाते.

५/
नेमकी हीच स्थिती साध्या अक्षरी गूढलेखनात मुद्दाम निर्माण केली जाते. भाषा तीच ठेवायची आणि प्रत्येक अक्षराच्या जागी ठरलेले दुसरे चिन्ह लिहायचे. वात्स्यायनाच्या कामसूत्रातील चौसष्ट कलांच्या यादीत ‘म्लेच्छितविकल्प’ नावाची कला आहे. तिचा अर्थ सांकेतिक बोलणे-लिहिणे असा लावला जातो. त्यावरील ‘जयमङ्गला’ टीकेत ‘मूलदेवीय’ पद्धतीचा उल्लेख येतो. तिच्यात च-वर्गाच्या जागी ट-वर्ग आणि त-वर्गाच्या जागी प-वर्ग येतो, व तसेच उलटही.

६/
ही अदलाबदल करून पाहण्यासाठी शहापूर-मुरबाडच्या प्रत्येक गावात ऐकू येणारा शब्द घेता येईल : ‘पाडा’. ‘प’च्या जागी ‘त’, ‘ड’च्या जागी ‘ज’. ‘पाडा’चा होतो ‘ताजा’. शब्द अर्थपूर्ण दिसतो, म्हणून वाचणारा सहज फसतो. पण पुढचे चार शब्द त्याच नियमाने लिहिले असतील तर वाक्य निरर्थक होऊ लागते आणि संशय येतो. एकटा शब्द गुपित राखू शकतो. लांब मजकुराला ते जमत नाही. उकल करणाऱ्याचा पहिला मित्र म्हणजे मजकुराची लांबी.

७/
दुसरा मित्र पुनरावृत्ती. नवव्या शतकात बगदादचा विद्वान अल-किंदी याने लिहून ठेवले की, प्रत्येक भाषेत काही अक्षरे फार वेळा येतात आणि काही क्वचित. गूढ मजकुरातील चिन्हे मोजावीत, त्याच भाषेतील साध्या मजकुरातील अक्षरे मोजावीत आणि दोन्ही याद्या शेजारी ठेवाव्यात. मराठीत ‘आ’चा काना पदोपदी भेटतो, ‘ढ’ आणि ‘झ’ विरळ. वाक्यांच्या शेवटी तेच दोन अक्षरांचे चिन्ह पुन्हा पुन्हा दिसले, तर ‘आहे’ची शंका घ्यावी.

८/
तिसरा मित्र अपेक्षा. पत्र असेल तर आरंभी मायना असणार, हिशेब असेल तर रक्कम असणार, दानपत्र असेल तर ‘दिले’ हा शब्द असणार. मजकूर कशाविषयी आहे याचा अंदाज बांधता आला, की एखादा शब्द गृहीत धरून पाहता येतो. तो बरोबर असेल तर त्यातील अक्षरे इतर शब्दांतही अर्थ निर्माण करतात. चूक असेल तर दुसऱ्या-तिसऱ्या ओळीतच गाडी अडते. मोजणे, तर्क करणे, पडताळणे : हाताने केलेली उकल या तीन पायऱ्यांनीच चालते.

९/
आता पुन्हा नाणेघाट. १८२८ साली कर्नल विल्यम हेन्री साइक्स हा मुंबई सरकारच्या सेवेतील अधिकारी या लेखांपर्यंत पोहोचला. जुन्नर परिसरातील लेण्यांच्या लेखांवरील त्याचा निबंध लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीच्या नियतकालिकात १८३७ साली छापला गेला. भिंतीवरील आकृती पाहिल्या तेव्हा त्यांचा उच्चार जगात कोणालाही ठाऊक नव्हता. ज्याचा अर्थ कळत नाही, त्याची नक्कल करताना कोणती रेघ अक्षराची आणि कोणती भेग कातळाची हे ठरवणे अत्यंत कठीण असते.

१०/
उकल झाली ती कोलकात्यात. जेम्स प्रिन्सेप हा तेथील टांकसाळीतील अधिकारी. धातूची शुद्धता तपासणे हा त्याचा व्यवसाय. अलाहाबादच्या स्तंभावरील अज्ञात लेख घेऊन १८३४ मध्ये त्याने चिन्हांचा तक्ता मांडला. मूळ आकृती एका बाजूला, आणि तिला वर, खाली, डावीकडे, उजवीकडे जोडलेल्या लहान रेघा दुसऱ्या बाजूला. तक्ता भरताच एक गोष्ट उघड झाली : त्याच त्या रेघा बहुतेक सर्व आकृतींना लागतात. अर्थात त्या स्वरांच्या मात्रा होत्या. एकही अक्षर वाचता येत नसताना लिपीची घडण कळली.

११/
पुढचा धागा नाण्यांनी दिला. १८३६ मध्ये ख्रिस्तियन लासेन या विद्वानाने अगाथोक्लीस या ग्रीक राजाचे नाणे अभ्यासले. त्याच्या एका बाजूला ग्रीक अक्षरे आहेत, तर दुसऱ्या बाजूला ब्राह्मी. एकच नाव दोन लिप्यांत असल्यामुळे काही चिन्हांचे ध्वनी निश्चित करता आले. ज्ञात मजकूर अज्ञात मजकुराशेजारी मिळणे ही गूढलेखन फोडणाऱ्यासाठी सर्वांत मोठी देणगी. मात्र एका नाण्यावर अक्षरे ती किती असणार? संपूर्ण वर्णमालेसाठी ती शिदोरी अपुरी होती.

१२/
१८३७ मध्ये सांचीच्या स्तूपाच्या कठड्यांवरील अनेक छोट्या लेखांच्या नकला प्रिन्सेपकडे आल्या. ते जवळजवळ सगळे त्याच दोन अक्षरांनी संपत होते. त्याने तर्क केला : हे धार्मिक स्थळ आहे, लेख लहान व वेगवेगळे आहेत, तेव्हा ही देणगीदारांची नावे असावीत आणि शेवटचा शब्द ‘दानं’ असावा. त्या शब्दाआधी पुन्हा पुन्हा येणारे चिन्ह षष्ठीचा ‘स’ असले पाहिजे : ‘अमक्याचे दान’. एका अनुमानाने द, न, अनुस्वार आणि स हाती आले.

१३/
यानंतर काम वेगाने पुढे सरकले. नवे अक्षर ओळखताच ते तक्त्यात भरायचे, सर्व लेखांत घालून पाहायचे, अर्धवट शब्द पुरा करायचा आणि त्यातून पुढचे अक्षर मिळवायचे. काही आठवड्यांतच दिल्लीच्या स्तंभावरील आज्ञांचा आरंभ वाचला गेला : देवांना प्रिय असा प्रियदर्शी राजा असे म्हणतो. प्रत्येक आज्ञेच्या तोंडी तेच वाक्य होते. पुनरावृत्ती पुन्हा उपयोगी पडली. चार-पाचशे वर्षांपूर्वी सुलतानाच्या पंडितांना जे जमले नव्हते, ते सांचीच्या सामान्य देणगीदारांमुळे साधले.

१४/
ही किल्ली नाणेघाटाच्या दाराला लागते का, हे पाहण्यासाठी लेखाचा आरंभ उत्तम आहे. तेथे ‘नमो’ हा शब्द पुन्हा पुन्हा येतो. धर्माला नमन, इंद्राला नमन, संकर्षण-वासुदेवांना, चंद्र-सूर्यांना आणि यम, वरुण, कुबेर, वासव या चार लोकपालांना नमन. सगळी नावे परिचयाची आहेत. एखादे अक्षर झिजले असले तरी ‘वरु_’ नंतर काय यायला हवे, हे वाचणाऱ्याला ठाऊक असते. प्राकृत जाणणाऱ्या पंडिताला अक्षरांचा हा भाग फार काळ अडवू शकत नव्हता.

१५/
मग अडचण कोठे होती? ती अंकांत होती. यज्ञांच्या यादीत गाई, घोडे, हत्ती आणि कार्षापण नाणी यांच्यापुढे वर्णमालेत न बसणारी चिन्हे होती. येथे अक्षर आणि अंक यांतला मूलभूत फरक समोर येतो. अक्षर चुकले तर शब्द मोडतो आणि चूक लगेच दिसते. अंक चुकला तर काहीच मोडत नाही. ‘सतराशे गाई’ जितके अर्थपूर्ण, तितकेच ‘चौदाशे गाई’ही. चुकीचे वाचन स्वतःहून तक्रार करत नाही.

१६/
शिवाय ही अंकपद्धती आजच्यासारखी नव्हती. तिच्यात शून्य नव्हते आणि स्थानानुसार किंमत बदलत नव्हती. एक ते नऊसाठी चिन्हे वेगळी. दहा, वीस, साठ, ऐंशी यांची वेगळी. शंभराचे आणि हजाराचे आणखी वेगळे. सातशे लिहायचे तर शंभराच्या चिन्हाला साताचे चिन्ह जोडायचे. चार हजार लिहायचे तर हजाराच्या चिन्हाला चाराचे. म्हणून १७०० म्हणजे एक हजार आणि सातशे अशी दोनच चिन्हे. दशमान पद्धतीची सवय घेऊन आलेला वाचक येथे हमखास चकतो.

१७/
हे काम मुंबईत पुढे नेले भाऊ दाजी लाड आणि त्यांचे सहकारी पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी. भाऊ दाजींनी लेण्यांतील लेखांवरच्या आणि क्षत्रपांच्या नाण्यांवरच्या अंकांविषयी निबंध लिहिला होता. भगवानलालांचा जन्म १८३९ मध्ये जुनागढला, अशोकाच्या आज्ञा कोरलेल्या गिरनारच्या शिळेच्या परिसरात झाला. १८६० च्या दशकाच्या आरंभी ते भाऊ दाजींकडे आले. त्यानंतर गुहांतून, डोंगरांतून हिंडून, भिंतीसमोर बसून लेखांच्या नकला उतरवणे हेच त्यांचे आयुष्य झाले.

१८/
भगवानलाल प्रामुख्याने गुजरातीत लिहीत. त्यांचे अनेक निबंध इतर विद्वानांनी भाषांतरित केल्यानंतर इंग्रजीत आले. १८७६ मध्ये मुंबईच्या एशियाटिक सोसायटीच्या नियतकालिकात त्यांचा एक निबंध प्रसिद्ध झाला. विषय होता प्राचीन नागरी अंकलेखन, आणि आधार होता नाणेघाटातील लेख. मुरबाडच्या घाटवाटेवरील जकातीच्या आणि व्यापाराच्या जागेवरचा तो कातळ आता भारतीय अंकांच्या इतिहासातील पहिल्या पुराव्यांपैकी एक ठरला.

१९/
या अंकांची किल्ली भिंतीवरच होती. अग्न्याधेय यज्ञाच्या दक्षिणेसंबंधी लेखात असे येते : ‘गावो बारस’, त्यापुढे दोन चिन्हे, मग ‘असो च’ आणि एक आडवी रेघ. गाई बारा, आणि अश्व एक. संख्या आधी शब्दात, मग चिन्हात. आजही धनादेशावर रक्कम अक्षरी आणि अंकी अशी दोनदा लिहितात, ती फसवणूक टाळण्यासाठी. सातवाहनांच्या लेखकाचा हेतू कोणताही असो, त्याने दोन सहस्रकांनंतरच्या वाचकाला ताळा करून ठेवला.

२०/
या एका नोंदीतून किती मिळते ते पाहावे. ‘असो च’ पुढील एक आडवी रेघ म्हणजे एक. बारासाठी दोन चिन्हे आहेत. त्यांतले दुसरे दोन आडव्या रेघांचे, म्हणजे दोन. मग पहिले दहाचेच असले पाहिजे. हे दहाचे चिन्ह लेखात इतरत्र हत्तींच्या संख्येपुढे एकटे येते. तेथे दहा हत्ती वाचता येतात. एक, दोन आणि दहा निश्चित झाले, की बाकीच्या चिन्हांना जागा उरतात त्या मर्यादित. तर्काला आता भिंत मिळाली.

२१/
पण नाणेघाटात सगळे अंक येत नाहीत. तीन, पाच आणि आठ यांची चिन्हे तेथे मिळत नाहीत. तक्ता पुरा करायचा तर दुसऱ्या वाटेने जावे लागते : शहापूरमार्गे थळघाट चढून नाशिकच्या लेण्यांकडे. तेथे क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याचा, ४२ या वर्षाचा, एक दानलेख आहे. त्यात भिक्षुसंघासाठी कायम ठेव ठेवल्याची नोंद आहे : कार्षापण ‘सहस्रानि त्रीणि’, आणि लगेच पुढे ३००० चे चिन्ह. पुन्हा शब्द आणि अंक शेजारी शेजारी.

२२/
हा लेख त्याहूनही उदार आहे. तो बेरीजही करून दाखवतो. तीन हजारांपैकी २००० कार्षापण गोवर्धन येथील विणकरांच्या एका श्रेणीकडे व्याजाने ठेवले आणि १००० दुसऱ्या श्रेणीकडे. पुढे तोच लेख ७०,००० कार्षापणांचे आणखी एक दान सांगतो. ३५ कार्षापणांचा एक सुवर्ण या दराने ते २००० सुवर्ण होतात. २००० आणि १००० मिळून ३०००. ७०,००० ला ३५ ने भागून २०००. एखादे चिन्ह चुकीचे वाचले असते, तर हे हिशेब जुळलेच नसते.

२३/
अंक चुकला तर काहीच मोडत नाही, ही जी अडचण होती, तिचे उत्तर हेच. अंकांना व्याकरण नसते, पण हिशेब असतो. शब्दांत लिहिलेली संख्या, मूळ रकमेची विभागणी, नाण्यांचा दर : हे अंकांचे व्याकरण. नाणेघाटाने पाया घातला, नाशिकने ताळा दिला. मग नाणेघाटातील मोठ्या रकमा खात्रीने वाचता आल्या : १७०० गाई, ११,००० गाई, एक हजार घोडे आणि २४,४०० कार्षापण; हा शेवटचा आकडा वीस हजार, चार हजार आणि चारशे अशा तीन चिन्हांत लिहिलेला.

२४/
किल्ली सापडल्यानंतर किती फरक पडतो, हे १८८२ मध्ये दिसले. भगवानलालांनी तेव्हाच्या ठाणे जिल्ह्यातील सोपाऱ्याला स्तूपाचे उत्खनन केले आणि तेथेच अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा एक तुकडा त्यांना मिळाला. साइक्सच्या काळात असा तुकडा म्हणजे केवळ नक्षी ठरली असती. भगवानलालांना त्या मोडक्या ओळींतून ती कोणती आज्ञा आहे हे ओळखता आले. मधे अवघी चोपन्न वर्षे गेली होती. दगड तेच होते. वाचणारे बदलले होते.

२५/
तरीही अक्षरे उकलली म्हणजे अर्थाविषयीचे वाद मिटतात असे नाही. नाणेघाटाच्या लेखात मोठमोठे भाग झिजून गेले आहेत. १८८३ मध्ये गेओर्ग ब्यूलर यांनी त्याचे वाचन प्रसिद्ध केले. पुढे महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी सातवाहनांच्या लेखांचा मराठीत सविस्तर परामर्श घेतला. लेखाचा नेमका काळ आणि त्यात उल्लेखिलेल्या व्यक्तींची परस्पर नाती यांविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. म्हणूनच चांगल्या संपादनात तर्काने भरलेले अक्षर कंसात देतात. वाचलेले आणि मानलेले यांतली सीमा राखणे हा या कामाचा प्रामाणिकपणा आहे.

२६/
आतापर्यंतची कथा काळाने घडवलेल्या गुपिताची झाली. मराठीला माणसांनी मुद्दाम घडवलेले गुपितही ठाऊक आहे. महानुभाव पंथीयांनी आपले ग्रंथ सांकेतिक लिप्यांत लिहून ठेवले; त्यांतली ‘सकळ’ लिपी विशेष प्रसिद्ध. पद्धत अक्षराच्या जागी अक्षर अशीच. विसाव्या शतकाच्या आरंभी वि. का. राजवाडे आणि वि. ल. भावे यांच्यासारख्या अभ्यासकांमुळे हे साहित्य पंथाबाहेरच्या वाचकांसमोर आले. यांपैकी भावे हे ठाण्याचे. १८९३ मध्ये तेथे मराठी ग्रंथसंग्रहालय स्थापन करणाऱ्यांतले प्रमुख.

२७/
दोन्ही प्रकारांत यश मिळाले, कारण लिपीमागची भाषा ज्ञात होती आणि मजकूर पुरेसा लांब होता. या दोन अटी सुटल्या की काय होते, हे सिंधू संस्कृतीच्या मुद्रांवरून कळते. त्यांवरील लेख सरासरी पाच-सहा चिन्हांचे, भाषा अज्ञात, आणि दुसऱ्या परिचित लिपीतील समांतर मजकूर अद्याप मिळालेला नाही. तर्क पुष्कळ झाले, पण त्यांना अडवणारी किंवा सिद्ध करणारी भिंत नाही. ‘पाडा’ की ‘ताजा’ हे एकट्या शब्दावरून ठरत नाही, तसेच ते आहे.

२८/
स्वतः हाताने गूढलेख सोडवू पाहणाऱ्या तरुण अभ्यासकासाठी नाणेघाटाची शिस्त आजही पुरेशी आहे. आधी नक्कल अचूक करावी. चिन्हे मोजून तक्ता मांडावा. मजकुराचा विषय ओळखून एखादा शब्द गृहीत धरावा. तो सर्वत्र घालून पाहावा, आणि एका ठिकाणी जरी तो अडला तरी आवडता तर्क सोडून देण्याची तयारी ठेवावी. अंक असतील तर ताळा शोधावा. अंदाज शाईने न लिहिता पेन्सिलीने लिहावा.

२९/
या उकलीने काय मिळाले? सातवाहनांचे राजकुल नावानिशी समोर आले. नायनिका नावाची राणी राजाच्या बरोबरीने भिंतीवर कोरलेली आढळली. ‘महारठि’ हा शब्द दोन हजार वर्षांपूर्वी याच डोंगरात वापरात होता हे कळले. आणि आज जगभर वापरल्या जाणाऱ्या अंकांचे पूर्वज एका घाटवाटेवर सापडले. त्या दोन आडव्या रेघा भरभर लिहिताना एकमेकींना जोडल्या गेल्या आणि त्यांतूनच पुढे देवनागरी ‘२’ घडला.

३०/
आणि ‘बारस’? तो शब्द मुरबाडच्या आणि शहापूरच्या घरांतून कधी गेलाच नाही. ‘बारा’ त्याचाच वंशज, आणि दिवाळीच्या आरंभी गाय-वासराची पूजा होते त्या वसुबारसेच्या नावात त्याच कुळातला शब्द आजही उच्चारला जातो. भिंतीवरच्या त्या बाराही गाईच होत्या, हा निव्वळ योगायोग. लिपी विसरली गेली, अंक बदलले, पण बोली टिकली. म्हणूनच हरवलेल्या अक्षरांना पुन्हा आवाज देता आला.

धागा समाप्त.